बहिणींची नावे कमी केली

वाटपाचा दावा लावायला आलेल्या पक्षकाराच्या पिशवीत चालू सातबारा हमखास असतो. त्यावरून आजची स्थिती कळते, कुणाचे नाव कधी आणि कशाच्या आधारावर गेले ते कळत नाही. म्हणून सातबाऱ्यावरचे फेरफार क्रमांक आधी कागदावर उतरवून घ्यायचे आणि तहसीलच्या अभिलेख कक्षातून एकेका नोंदीची नक्कल काढायची. दिवाणी वकिलीतले हे सगळ्यात कंटाळवाणे काम, पण बहुतेक दावे इथेच उभे राहतात किंवा पडतात.

सत्तरच्या दशकातल्या नकलांमध्ये एक नोंद वारंवार भेटते. वडील मयत, मागे दोन मुलगे, तीन मुली. थोरल्याच्या नावापुढे ‘ए.कु.मॅ.’, म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर. मुली ‘इतर हक्कात’. काही वर्षांनी दुसरा फेरफार: बहिणी सासरी सुखाने नांदत असून त्यांनी जबाब दिल्यावरून नावे कमी केली. खाली तीन अंगठे आणि सर्कलची सही. ते अंगठे त्यांचेच का, उमटवण्याआधी त्यांना काय वाचून दाखवले, याचा कुठेच मागमूस नाही.

एवढ्याने त्यांचा हक्क जात नाही. जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ प्रमाणे प्रमाणित नोंद, उलट शाबीत होईपर्यंत, खरी धरतात. पण फेरफाराने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सुप्रीम कोर्टाने अनेकदा सांगितले आहे. हिस्सा सोडायचा तर १९०८ च्या नोंदणी कायद्याप्रमाणे हक्कसोडपत्र दुय्यम निबंधकाकडे नोंदवावे लागते. मग कैफियतीत येते, ‘तोंडी वाटप पूर्वीच झाले आहे.’ विनीता शर्मा खटल्याच्या ११ ऑगस्ट २०२० च्या निकालाने ही वाटही बरीच अरुंद केली. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा हिस्सा जन्मानेच असतो, त्यासाठी हिंदू वारसा कायद्यातली दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, ९ सप्टेंबर २००५ रोजी, वडील हयात असण्याची गरज नाही, आणि तोंडी वाटप सरकारी कागदांचा भक्कम आधार असेल तरच, तेही अपवाद म्हणून मानायचे.

खरा कस लागतो तो हक्कसोडपत्र रीतसर नोंदवलेले असते तेव्हा. नोंदलेला दस्त खरा धरला जातो. फसवणूक शाबीत करायचा बोजा बहिणीवर पडतो. उलटतपासात विचारतात, “फोटो तुमचाच ना?” “माझाच.” “अंगठा?” “माझाच.” “कुणी जबरदस्ती केली?” “नाही. पीककर्जाला सही लागते म्हणाला दादा.” हे शेवटचे उत्तर खरे असले तरी एकटे पुरत नाही. ओळख देणारे दोघे कोण होते, दस्त कुणी लिहिला, मुद्रांक कुणी घेतला, त्या सुमारास सोसायटीकडे कर्जाची मागणी खरोखर होती का, हे एकेक शोधून जोडावे लागते. वीस वर्षांनी त्यातले निम्मे साक्षीदार हयात नसतात. धडधडीत खरे बोलणारी बाई केवळ पुराव्याअभावी हरताना पाहिली आहे, आणि ते अजूनही पचत नाही.

म्हणून बहिणींना कळकळीने सांगतो: निबंधक कार्यालयात बोलावणे आले तर दस्ताचा मसुदा आदल्या दिवशी घरी मागून घ्या आणि भावाच्या ओळखीबाहेरच्या माणसाकडून वाचून घ्या. फसवून सही घेतली असेल तर भाऊबंदकीच्या लाजेने गप्प बसू नका. दस्त रद्द करून मागण्याची मुदत, फसवणूक कळल्यापासून, फक्त तीन वर्षांची आहे.