हुकूम आणि किंमत

विद्यार्थी मित्रांनो, बाजार, दुकान, कारखाना, नफा, परवाना, हुकूम, किंमत हे शब्द तुम्ही उर्दूत रोज वापरता. मराठीतही हे शब्द थोड्याशा फरकाने तसेच आहेत. या पाठात आपण त्यांतल्या दोन शब्दांची ओळख करून घेऊ. ते शब्द म्हणजे हुकूम आणि किंमत.

देशातल्या कोट्यवधी लोकांना रोज धान्य, कापड, औषधे, वाहने अशा हजारो वस्तू लागतात. कोणती वस्तू किती बनवायची आणि ती कोणाला द्यायची, हे कोणीतरी ठरवावे लागते. ते ठरवण्याचे दोन मार्ग आहेत.

पहिला मार्ग हुकमाचा. सरकार पाच-पाच वर्षांचा आराखडा तयार करते. कोणत्या कारखान्याने किती माल काढायचा आणि तो काय भावाने विकायचा, हे सरकारी कचेरीत ठरते. याला नियोजन म्हणतात.

दुसरा मार्ग किमतीचा. कांद्याचेच उदाहरण घ्या. बाजारात कांदा कमी आला, की भाव चढतो. मग घरोघरी कांदा जपून वापरला जातो. चांगला भाव पाहून शेतकरी पुढच्या हंगामात जास्त कांदा लावतात. कांदा फार आला, की भाव उतरतो. शेतकऱ्याला किंवा गिऱ्हाइकाला कोणी हुकूम दिलेला नसतो. किंमत ही एक बातमी असते आणि ती ऐकून प्रत्येक जण आपापला निर्णय घेतो. याला बाजारव्यवस्था म्हणतात.

स्वातंत्र्यानंतर आपल्या देशाने दोन्ही मार्ग घेतले. पण भर दिला नियोजनावर. त्याला कारण होते. देशात मोठे कारखाने थोडे होते. धरणे, पोलाद, औषधे यांसाठी लागणारे प्रचंड भांडवल घालायला फारसे कोणी तयार नव्हते. म्हणून १९५० साली नियोजन मंडळ स्थापन झाले आणि १९५१ पासून पंचवार्षिक योजना सुरू झाल्या.

या कामात पुण्याचाही वाटा होता. पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेचे प्रमुख राहिलेले धनंजयराव गाडगीळ १९६७ साली नियोजन मंडळाचे उपाध्यक्ष झाले. केंद्राचा पैसा राज्यांना कसा वाटावा याचे त्यांनी घालून दिलेले सूत्र 'गाडगीळ सूत्र' म्हणून ओळखले जाते. पुण्याजवळ पिंपरी येथे सरकारने पेनिसिलीनचा कारखाना काढला तो १९५४ साली. परदेशातून येणारे हे औषध आपल्याकडेच तयार होऊ लागले. नियोजनाचे हे चांगले फळ होय.

परंतु या व्यवस्थेची दुसरी बाजूही पुण्याने पाहिली. १९५१ च्या कायद्यानुसार मोठा कारखाना काढायला सरकारचा परवाना लागे. किती माल काढायचा, हेही परवान्यात लिहिलेले असे. कारखाना वाढवायचा म्हटले, तरी पुन्हा परवानगी लागे. पुण्याजवळ आकुर्डीला बजाजचा स्कूटरचा कारखाना होता. १९७२ साली तेथे 'चेतक' ही स्कूटर बनू लागली. महाराणा प्रतापांच्या घोड्यावरून हे नाव ठेवले होते. घरोघरी लोकांना चेतक हवी होती. पण परवान्याने ठरवलेली संख्या आणि लोकांची मागणी यांचा मेळ बसेना. पैसे भरून नाव नोंदवायचे आणि वाट पाहायची. ही वाट पाहणे कधी कधी दहा वर्षांपर्यंत लांबे. आकुर्डीला कारखाना डोळ्यांसमोर होता, तरी पुणेकराला स्कूटरसाठी रांगेतच उभे राहावे लागे.

ही रांग का लागली? नीट विचार करा. स्कूटरची संख्या ठरलेली होती. तिची किंमतही मागणीप्रमाणे वाढत नव्हती. गिऱ्हाइके मात्र वाढत होती. मग जी किंमत पैशात द्यायची नव्हती, ती लोक वेळाने देऊ लागले. ज्याला थांबायचे नसे, तो आधी नंबर लागलेल्या माणसाला जादा पैसे देऊन स्कूटर घेई. म्हणजे किंमत नाहीशी झालीच नाही. ती फक्त मागच्या दाराने आली.

आता आपण शेजारच्या चीन देशाकडे वळू. तेथे हुकमाचा मार्ग आपल्यापेक्षा फार पुढे गेला होता. शेती खाजगी राहिली नव्हती. १९५८ पासून गावेच्या गावे 'कम्यून' नावाच्या मोठ्या संस्थांत आणली गेली. पीक सर्वांचे, म्हणून जास्त राबणाऱ्याला जास्त मिळे असे नाही. त्यानंतरच्या तीन वर्षांत भीषण दुष्काळ पडून कोट्यवधी माणसे मेली.

१९७८ साली आन्हुई प्रांतातल्या श्याओगांग या गरीब गावात अठरा शेतकरी कुटुंबांनी गुपचूप एक करार केला. जमीन कुटुंबांत वाटून घ्यायची, सरकारचा हिस्सा आधी द्यायचा आणि उरलेले धान्य ज्याचे त्याने ठेवायचे, असे ठरले. कागदावर त्यांनी अंगठे उठवले. हे उघड झाले असते तर शिक्षा ठरलेली होती. पण पुढच्या वर्षी त्या गावात कितीतरी जास्त धान्य पिकले. त्याच सुमारास तंग श्याओफिंग हे चीनचे प्रमुख नेते बनले होते. त्यांनी अशा प्रयोगांना वाव दिला. काही वर्षांतच कम्यून मोडले. १९८० साली समुद्रकाठच्या शेन्झेन येथे परदेशी भांडवलासाठी खास क्षेत्र उघडले.

चीनने सगळे हुकूम एकदम रद्द केले नाहीत. कारखान्याने ठरलेला माल सरकारला सरकारी भावाने द्यायचा आणि त्याहून जास्त काढलेला माल बाजारभावाने विकायचा, अशी दुहेरी पद्धत ठेवली. ही पद्धत आपल्याला परकी नाही. महाराष्ट्रातले साखर कारखाने कितीतरी वर्षे साखरेचा काही भाग सरकारला ठरलेल्या कमी भावाने देत. ती 'लेव्ही'ची साखर रेशनच्या दुकानात मिळे. उरलेली खुल्या बाजारात विकली जाई. लेव्हीची ही सक्ती २०१३ साली उठली.

भारतात १९८० नंतर नियम थोडे सैल होऊ लागले. पण खरे वळण आले १९९१ साली. परदेशातून तेल आणायला लागणारे परकीय चलन संपत आले. जेमतेम दोन-तीन आठवड्यांची आयात भागेल एवढेच ते उरले. सोने गहाण ठेवून कर्ज काढावे लागले. तेव्हा पंतप्रधान होते पी. व्ही. नरसिंह राव आणि अर्थमंत्री होते डॉ. मनमोहनसिंग. राव यांना मराठी आणि उर्दू या दोन्ही भाषा उत्तम येत. मनमोहनसिंग आपली हिंदी भाषणे उर्दू लिपीत लिहून वाचत. २४ जुलै १९९१ रोजी नवे औद्योगिक धोरण जाहीर झाले आणि त्याच दिवशी अर्थसंकल्पही मांडला गेला. अठरा उद्योग सोडून बाकी सर्वांवरचे परवान्याचे बंधन उठले.

पुढे काय झाले, ते तुम्ही रस्त्यावर पाहताच. आज दुकानात जाऊन त्याच दिवशी स्कूटर पसंत करता येते. गिऱ्हाईक रांगेत नाही. दुकानदारच गिऱ्हाइकाची वाट पाहतो. पण बाजार कोणाचीही गय करत नाही. ज्या चेतकसाठी लोक वर्षानुवर्षे थांबले, तीच नव्या गाड्यांपुढे मागे पडली. २००९ साली बजाजने स्कूटर बनवणे थांबवत असल्याचे जाहीर केले. २०२० साली चेतक परत आली, ती विजेवर चालणारी होऊन. चीनमध्येही कोट्यवधी लोक दारिद्र्यातून वर आले. परंतु १९९० नंतरच्या काळात अनेक सरकारी कारखाने बंद पडून कामगार बेकारही झाले.

मग बाजार सर्व प्रश्न सोडवतो का? याचे उत्तर शोधायला आपण वाघोलीला जाऊ. पुण्याहून नगर रस्त्याने निघाले, की खराडीनंतर वाघोली लागते. वाघेश्वराचे जुने मंदिर आणि दगडाच्या खाणी ही या गावाची जुनी ओळख. १९९१ नंतर या रस्त्यावर कारखाने वाढले, गोदामे उभी राहिली, खराडीत संगणक कंपन्या आल्या. कामाला आलेल्या माणसांना घरे हवी होती. मागणी दिसताच बांधकाम करणारे धावले. शेतांच्या जागी उंच इमारती उभ्या राहिल्या. कोणत्याही कचेरीने इतकी घरे इतक्या लवकर बांधली नसती.

पण त्या घरांना पाणी कोठून येणार? सांडपाणी कोठे जाणार? वाहने कोणत्या रस्त्याने धावणार? वाघोलीतल्या अनेक सोसायट्यांना वर्षानुवर्षे टँकरचे पाणी विकत घ्यावे लागले. नगर रस्त्यावर वाहनांच्या रांगा लागू लागल्या. स्कूटरची रांग संपली, तेथे स्कूटरवाल्यांची रांग लागली!

याचे कारण सोपे आहे. घर एकाने बांधून दुसऱ्याला विकता येते, म्हणून बाजार ते बांधतो. रस्ता, गटार, जलवाहिनी सर्वांची असते. ती एकट्याने बांधून विकता येत नाही, म्हणून बाजार तिकडे वळत नाही. शिवाय, किमतीला फक्त पैसेवाल्याचा आवाज ऐकू येतो. टँकर घेण्याइतके पैसे ज्याच्याकडे नाहीत, तहान त्यालाही लागते. ही कामे सर्वांनी मिळून, आधी आराखडा करूनच करावी लागतात. ३० जून २०२१ रोजी वाघोलीसह तेवीस गावे पुणे महानगरपालिकेत आली. इमारती आधी आल्या, महानगरपालिका मागाहून आली.

मित्रांनो, हुकूम वाईट आणि बाजार चांगला, किंवा याच्या उलट, असे पाठ करू नका. स्कूटर किती बनवाव्यात, हे कचेरीने ठरवले तेव्हा रांग लागली. पाण्याचे नियोजन वेळेवर झाले नाही, तेव्हा टँकर आले. कोणते काम किमतीवर सोडावे आणि कोणते सर्वांनी मिळून ठरवावे, हे ओळखणे हेच शहाणपण आहे. उद्या मतदार म्हणून हा निर्णय तुम्हांलाच घ्यायचा आहे.

शब्दार्थ
आराखडा – कामाचा आधी केलेला नकाशा, योजना
आयात – परदेशातून माल आणणे
परकीय चलन – दुसऱ्या देशाचे पैसे
अंगठा उठवणे – सहीऐवजी अंगठ्याचा ठसा देणे
गय न करणे – सवलत न देणे, सोडून न देणे

स्वाध्याय
१. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) चेतक स्कूटर कोठे बनत असे?
(आ) श्याओगांगच्या शेतकऱ्यांनी कोणता करार केला?
२. कारणे लिहा.
(अ) चेतकसाठी लोकांना वर्षानुवर्षे थांबावे लागे.
(आ) बाजार घरे बांधतो; पण गटारे बांधत नाही.
३. तुमच्या वस्तीत पाणी कोठून येते, हे घरच्या मोठ्या माणसांना विचारा व आठ-दहा ओळी लिहा.
४. या पाठातील असे दहा शब्द शोधा, जे उर्दूतही आहेत.