ग्रंथालयातला होला

धाराशिवकडच्या ज्वारीच्या रानात होल्याचं घुमणं ऐकत वाढलेल्यांनी ‘हातोफुल बॉयफ्रेंड’ हा गेम एकदा खेळावाच! हातो मोआ या जपानी चित्रकथाकर्तीने तो २०११ मध्ये काढला, २०१४ मध्ये तो नव्या रूपात आला. पक्ष्यांच्या शाळेत आपण एकटीच मानवकन्या, आणि प्रेमात पडायचं तेही पक्ष्यांच्याच.

माझा जीव जडला नागेकीवर. ग्रंथालयात एकटाच वाचत बसणारा, अबोल होला. कुठे जायचं हे विचारलं की ग्रंथालयच निवडत राहा. हळूहळू उमगतं, त्याला त्या खोलीबाहेर पडताच येत नाही. तो भूत आहे! इथे माझ्या डोळ्यांत खरंच पाणी आलं.

तो कसा गेला ते सांगत नाही. बहुतेक पात्रांचे शेवट गाठल्यावर एक दुसरी, काळीकुट्ट कथा उघडते, ते तिथे कळतं.