जात्याचा दगड: पॉम्पेईचा आणि बीबीचा

इ.स. 79 मध्ये व्हेसुव्हियसच्या राखेखाली पॉम्पेई गाडले गेले, तेव्हा तिथल्या एका भट्टीत 81 पाव होते. 1862 मध्ये ते उकरून काढले. कोळसा झालेले, पण आठ फोडींच्या खुणांसकट शाबूत. सम्राटांच्या पुतळ्यांपेक्षा मला हे पाव मोलाचे वाटतात, कारण सामान्य रोमन माणसाचे पोट त्यावरच भरत होते.

पूर्वी रोममध्ये घरोघरी बायकाच पाव करत. रोमन लेखक प्लिनी सांगतो की, धंदेवाईक भटारी तिथे इ.स.पू. 171 च्या सुमारास आले. मग दळण घराबाहेर गेले. खाली शंकूच्या आकाराचा दगड आणि वर डमरूसारखी तळी, असे ते जाते गाढवे आणि गुलाम फिरवत. डिसेंबर 2023 मध्ये पॉम्पेईत अशाच एका भटारखान्याचा शोध जाहीर झाला. त्याच्या खिडक्यांना लोखंडी गज होते. माणसे आणि जनावरे तिथेच कोंडलेल्या अवस्थेत राबत होती.

या जात्यांचा दगड ज्वालामुखीचा. व्हेसुव्हियस शेजारी असूनही पुष्कळशी जाती दूरच्या ऑर्व्हिएतोच्या लाव्ह्याची निघाली. तो लाव्हा सच्छिद्र असतो. झिजताना नवी छिद्रे उघडी पडतात, त्यांच्या कडांवर दाणा फुटत राहतो आणि दगड गुळगुळीत होत नाही.

आपल्या बीबी गावाच्या पायाखालचा काळा पाषाणही लाव्हाच, सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीचा. लोणारचे विवर याच खडकात पडले. आपल्या जात्यांचा दगड मात्र घट्ट. तो वापराने गुळगुळीत होतो, दाणा घसरतो, पीठ जाडेभरडे पडते. म्हणून त्याला अधूनमधून टाकी लावावी लागते.

आपल्याकडे इनामगावच्या शेतकऱ्यांनी तीन हजार वर्षांपूर्वी सपाट दगडावर धान्य रगडले. सातवाहन काळात गोल फिरणारे जाते आले. नेवाशाला 1954 ते 1956 मध्ये पुरातत्त्वज्ञ ह. धी. सांकलियांनी केलेल्या उत्खननात अशा जात्यांचे दगड मिळाले, आणि रोमन मद्यकुंभांचे तुकडेही. हे जाते रोमनांकडूनच आले असावे, असा एक तर्क आहे. मला तो अजून पुरता सिद्ध झालेला वाटत नाही.

पॉम्पेईच्या भटारखान्यात राबणाऱ्यांचे शब्द फारसे उरले नाहीत. आपल्या आयाबायांचे उरले आहेत. अभ्यासक हेमा राईरकर आणि गी प्वातवँ यांच्या प्रयत्नांतून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या नोंदल्या गेल्या. बीबीत आजही कुणाच्या आजीला ओव्या येत असतील, तर तिच्यापाशी बसा, मोबाइलवर ध्वनिमुद्रण करा आणि अंगणात पडलेले जाते भंगारात देऊ नका.