ठिपका कुठे द्यायचा?

बंगळुरूतल्या कलास्थळांचा नकाशा करायला बसलं की सुरुवात झोकात होते. व्हायोलिनच्या आकाराचा चौडय्या मेमोरियल हॉल, टागोरांच्या जन्मशताब्दीनिमित्त बांधलेलं रवींद्र कलाक्षेत्र, कुमारकृपा रोडवरची चित्रकला परिषद. इमारत आहे, पाटी आहे, द्या ठिपका.

खरी पंचाईत रंगशंकर या नाट्यगृहापाशी होते. नट-दिग्दर्शक शंकर नाग मुंबईत मराठी रंगभूमीच्या नादी लागले, पुढे कन्नड चित्रपटात गाजले आणि १९९० मध्ये अपघातात गेले. पत्नी अरुंधती नाग यांनी त्यांच्या स्मरणार्थ जे. पी. नगरमध्ये हे नाट्यगृह उभारलं, २००४ मध्ये ते सुरू झालं. इथला एक नियम प्रसिद्ध आहे: प्रयोग सुरू झाला की दार बंद. खिशात तिकीट असलं तरी उशिरा आलेला बाहेरच. व्हाइटफील्डच्या ऑफिसातून निघालेल्याला नकाशा सांगतो, वीसेक किलोमीटर. सिल्क बोर्डच्या चौकात गाड्यांची रांग हलेना, की साडेसातचा प्रयोग गेलाच म्हणून समजा. २०११ मध्ये व्हाइटफील्डमध्येच जागृती थिएटर उघडलं, याचं महत्त्व अंतर मोजून कळत नाही, घड्याळ लावून कळतं. मला विचाराल तर या शहराच्या नकाशात किलोमीटर छापूच नयेत. संध्याकाळी सहानंतर लागणारी मिनिटं छापावीत.

इमारत नसलेल्या जागांचं काय? चामराजपेठेतल्या फोर्ट हायस्कूलचं मैदान एरवी शाळेचं. रामनवमीच्या सुमाराला तिथे मांडव पडतो आणि पुढचे काही आठवडे रोज संध्याकाळी गाणं. श्रीरामसेवा मंडळीचा हा परिपाठ १९३९ पासूनचा, एम. एस. सुब्बुलक्ष्मी इथे गायल्या. भर उन्हाळ्यात, पंख्यांच्या घरघरीत, लोक रात्रीपर्यंत बसून असतात. नकाशावर मात्र तिथे बारा महिने शाळाच.

इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स या इथल्याच संस्थेने ‘प्रोजेक्ट ५६०’ नावाचा उपक्रम काढला. ५६० हे शहराच्या पिनकोडचे पहिले तीन आकडे. वस्त्या आणि वापरातल्या साध्यासुध्या जागा यांच्याशी कलावंतांनी थेट भिडावं, ही त्यामागची कल्पना. मोठ्या सभागृहांची यादी करण्यापेक्षा ही वाट मला जास्त पटते.

करगा हा मिरवणुकीचा उत्सव तर ठिपक्यात मावतच नाही. चैत्री पौर्णिमेच्या रात्री धर्मरायस्वामी मंदिरातून निघून तो जुन्या पेठांमधून फिरतो, कॉटनपेठेतल्या मस्तानसाहेबांच्या दर्ग्यात थांबतो, आणि देवळात परततो. त्याच्यासाठी नकाशावर रेघच ओढावी लागेल, तीही एका रात्रीपुरती.