दांपत्यजीवनातील मौन : समुपदेशक कशी मदत करतात?

विवाहपूर्व मार्गदर्शन शिबिराच्या शेवटच्या सत्रात वधूवरांना कोऱ्या चिठ्ठ्या दिल्या जातात. मनातला कोणताही प्रश्न नाव न घालता लिहावा आणि पेटीत टाकावा, एवढीच सूचना असते. पैशांचा हिशेब, सासरची माणसे, वेगळे बिऱ्हाड यांविषयी तरुण-तरुणी सभेत उभे राहून बोलतात. देहाविषयीचे प्रश्न मात्र पेटीतच सापडतात, आणि त्या चिठ्ठ्यांच्या घड्या इतरांपेक्षा अधिक घट्ट असतात.

लग्नानंतर ही पेटी नसते. पतीपत्नींच्या शारीरिक जवळिकीत काही अडचण आली तर ती कोणाला सांगावी? आईला सांगण्याची लाज वाटते, मित्रांना सांगितले तर थट्टा होते, आणि फादरांना सांगावे तर शब्दच सापडत नाहीत. वर्षे सरतात. घरात भांडण होते ते मिठावरून किंवा मुलांच्या अभ्यासावरून. मूळ दुखणे वेगळेच असते. अशा दांपत्यांना प्रशिक्षित समुपदेशक नेमकी कोणती मदत करतात, हे या लेखात समजून घेऊ या.

अडचणी कोणत्या व कशामुळे?

लैंगिक अडचण म्हणजे पाप नव्हे, आणि ती दुबळेपणाची खूणही नव्हे. पुष्कळदा तिचे मूळ शरीरात असते. मधुमेह व उच्च रक्तदाब यांमुळे रक्तवाहिन्या व मज्जातंतू दुर्बळ होतात आणि पुरुषाला ताठरता येण्यात अडथळा निर्माण होतो. कधी कधी हीच तक्रार हृदयविकाराची पूर्वसूचना ठरते. काही रक्तदाबाच्या व नैराश्यावरील औषधांमुळे इच्छा किंवा क्षमता कमी होते. मद्यपानाचा परिणाम तर सर्वांना ठाऊक आहे. बाळंतपणानंतर अंगावर पाजणाऱ्या मातेच्या शरीरात इस्ट्रोजेनचे प्रमाण घटते, त्यामुळे कोरडेपणा येऊन वेदना होतात. रजोनिवृत्तीनंतरही असेच घडते.

दुसरे कारण मनाचे असते : भीती, शीण, जुना अपमान, बालपणी झालेला अत्याचार, किंवा देहाविषयी लहानपणापासून मनावर बिंबवलेली किळस. तिसरे कारण नात्याचे असते. दिवसभर ज्याच्याशी अबोला आहे त्याच्याशी रात्री जवळीक कशी साधणार? बहुधा ही तिन्ही कारणे एकमेकांत गुंतलेली असतात. तो गुंता सोडविणे हे समुपदेशकाचे पहिले काम होय.

चार पायऱ्या

अमेरिकन मानसशास्त्रज्ञ जॅक अॅनन यांनी १९७६ साली या मदतीची एक साधी पद्धत मांडली. आज जगभरचे डॉक्टर, परिचारिका व समुपदेशक ती वापरतात. तिच्या चार पायऱ्या आहेत : अनुमती, मर्यादित माहिती, विशिष्ट सूचना आणि सखोल उपचार. या पद्धतीमागील विचार असा की, पुष्कळांचे काम पहिल्या दोन-तीन पायऱ्यांवरच भागते. शेवटच्या पायरीपर्यंत थोड्यांनाच जावे लागते.

एक उदाहरण घेऊ. ते कोणा एका दांपत्याचे नाही, अनेकांच्या अनुभवांवरून रचलेले आहे. लग्नाला दोन वर्षे झाली, परंतु समागम एकदाही घडलेला नाही. प्रयत्न केला की पत्नीला असह्य वेदना होतात आणि शरीर आक्रसून जाते. पतीला वाटते, मी तिला आवडत नाही. पत्नीला वाटते, माझ्यातच काही खोट आहे. आणि प्रत्येक लग्नसमारंभात नातेवाईक विचारतात, "गोड बातमी कधी?"

पहिली पायरी अनुमतीची. समुपदेशक शांतपणे आणि स्पष्ट शब्दांत विचारतात, "तुमच्या शारीरिक संबंधांविषयी काही काळजी आहे का?" हा प्रश्न कोणीतरी सरळ विचारला, यानेच निम्मा भार उतरतो. शरीराच्या अवयवांची नावे न अडखळता उच्चारणारे माणूस समोर बसलेले पाहून त्या दोघांनाही बोलण्याचे धैर्य येते. कित्येकदा दोन वर्षांत पती व पत्नी एकमेकांचे म्हणणे प्रथमच ऐकतात, तेही तिसऱ्या व्यक्तीच्या समोर.

दुसरी पायरी माहितीची. समुपदेशक सांगतात की, या त्रासाला नाव आहे. त्याला व्हजायनिस्मस म्हणतात. योनिमार्गाभोवतीचे स्नायू आपोआप आकुंचन पावतात. ते पत्नीच्या इच्छेने होत नाही, आणि तिचे पतीवर प्रेम नाही असा त्याचा अर्थ नाही. पापणीपाशी बोट आले की डोळा जसा मिटतो, तसे हे शरीराचे स्वतःला वाचविणे आहे. मुख्य म्हणजे त्यावर उपचार आहेत. एवढे ऐकल्यावर पतीचा रुसवा आणि पत्नीची अपराधी भावना दोन्ही सैल होतात.

माहितीचे मोल आपल्या देशात विशेष आहे. वीर्य वाया गेल्याने शक्ती संपते, या समजुतीपायी असंख्य तरुण खंगत असतात. या अवस्थेला 'धात सिंड्रोम' हे नाव भारतीय मनोविकारतज्ज्ञ डॉ. नरेंद्र विग यांनी १९६० साली दिले. तिथे शरीराला रोग नसतो. भीतीच रोग होऊन बसते, आणि खरी माहिती व नैराश्यावरील उपचार हेच तिचे औषध असते.

स्त्रियांच्या बाबतीतही एक उपयुक्त गोष्ट कॅनडातील डॉ. रोझमेरी बॅसन यांनी २००० साली मांडली. इच्छा आधी आणि जवळीक नंतर, असाच क्रम असतो असे नाही. दीर्घ सहजीवनात पुष्कळ स्त्रियांच्या मनात आपुलकीचा स्पर्श व निवांतपणा मिळाल्यानंतर इच्छा जागी होते. "मला आता काहीच वाटत नाही," असे म्हणणाऱ्या पत्नीला हे समजले की ती स्वतःला दोष देणे थांबवते, आणि पतीलाही कळते की सुरुवात कोठून करायची.

तिसरी पायरी विशिष्ट सूचनांची. येथे एका जुन्या संशोधनाचा आधार आहे. सेंट लुईस येथील स्त्रीरोगतज्ज्ञ विल्यम मास्टर्स आणि त्यांच्या सहकारी व्हर्जिनिया जॉन्सन यांनी १९७० साली आपली उपचारपद्धती ग्रंथरूपाने प्रसिद्ध केली. रुग्ण पती नाही व पत्नीही नाही, उपचार त्यांच्या नात्यावर करायचे आहेत, हा त्यांचा आग्रह होता. 'जमेल का?' या धास्तीमुळे माणूस स्वतःच्याच जवळिकीचा प्रेक्षक बनतो व परीक्षेला बसल्यासारखा वागतो, हे त्यांनी ओळखले. म्हणून त्यांनी उलट सूचना दिली : काही काळ समागम पूर्णपणे टाळा. पतीपत्नींनी आळीपाळीने एकमेकांना केवळ स्पर्श करावा, प्रथम हात, पाठ, चेहरा, आणि काय सुखद वाटते ते सांगावे. काहीही साध्य करायचे नसते. परीक्षाच रद्द झाल्यामुळे भीती ओसरते, आणि मग पावलापावलाने पुढे जाता येते.

आपल्या उदाहरणातील पत्नीला याबरोबर स्नायू सैल सोडण्याचे व्यायाम शिकविले जातात. स्त्रीरोगतज्ज्ञ किंवा ओटीपोटाच्या स्नायूंचे प्रशिक्षण घेतलेल्या फिजिओथेरपिस्ट तिला क्रमाक्रमाने मोठ्या होत जाणाऱ्या साधनांनी शरीराला सवय कशी लावावी हे दाखवितात. गती तिच्या हातात असते. पतीचे काम धीर धरण्याचे.

चौथी पायरी सखोल उपचारांची. बालपणीचा अत्याचार, तीव्र नैराश्य, व्यसन, विश्वासघात किंवा हिंसा असेल तेथे दीर्घकाळ मानसोपचार लागतात. अनुभवी समुपदेशक म्हणूनच पती व पत्नी यांना एकेकदा स्वतंत्रपणेही भेटतात. जोडीदारासमोर जे सांगता येत नाही ते तेथे बाहेर येते. घरात जबरदस्ती होत असेल तर जवळीक वाढविण्याचे व्यायाम देणे घातक ठरते. तेथे पीडित व्यक्तीची सुरक्षितता आधी. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायद्यात लैंगिक छळाचाही समावेश आहे, हे आपल्या भगिनींनी लक्षात ठेवावे.

ख्रिस्तसभा काय सांगते?

पुष्कळ भाविकांना वाटते की, या विषयावर ख्रिस्तसभेचे म्हणणे केवळ 'नको' एवढेच आहे. हा समज खरा नाही. पवित्र शास्त्रात गीतरत्न हे पुस्तक आहे आणि ते स्त्रीपुरुषांच्या प्रीतीने ओथंबलेले आहे. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली पतीपत्नींच्या शारीरिक मीलनाला सन्माननीय म्हटले. पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९७९ ते १९८४ या काळात आपल्या बुधवारच्या भेटींत मानवी देहाच्या अर्थावर दीर्घ चिंतन मांडले. पोप फ्रान्सिस यांनी २०१६ साली 'प्रेमाचा आनंद' या प्रबोधनपत्रात वैवाहिक प्रेमातील शृंगाराला देवाची देणगी मानले.

संत पौलाच्या पत्राचा हवाला देऊन 'पत्नीचे शरीर पतीचे' असे म्हणणारे कित्येक जण पुढचे वाक्य विसरतात. तेथेच पौलाने पतीच्या शरीरावर पत्नीचाही तितकाच अधिकार सांगितला आहे. आणि पोप सहावे पॉल यांनी १९६८ च्या परिपत्रकात स्पष्ट केले की, जोडीदाराची अवस्था व रास्त इच्छा विचारात न घेता लादलेला संबंध हे प्रेमाचे कृत्य नव्हे.

ख्रिस्तसभेच्या १९८३ च्या कायदेसंहितेतही या विषयाला स्थान आहे. विवाहापूर्वीपासून असलेली व कायमची अशी समागमाची असमर्थता विवाह अवैध ठरविते, असे कलम १०८४ सांगते. वंध्यत्वाने विवाह अवैध ठरत नाही, हेही तेथेच नमूद आहे. ज्या विवाहात समागम घडलाच नाही तो योग्य कारणास्तव पोप महोदय विसर्जित करू शकतात, असे कलम १०४२ नव्हे तर कलम ११४२ आहे, हे अर्ज करणाऱ्यांनी ध्यानात घ्यावे. परंतु 'कायमची' हा शब्द येथे महत्त्वाचा आहे. वर्णन केलेल्या त्रासांपैकी पुष्कळ त्रास कायमचे नसतात. न्यायमंडळाच्या दारात उभे राहण्यापूर्वी ते दांपत्य एखाद्या जाणकारापर्यंत पोहोचले असते, तर कदाचित एक संसार वाचला असता. मौनाची किंमत एवढी मोठी असते.

जाण्यापूर्वी हे ध्यानात ठेवावे

प्रथम आपल्या कुटुंबाच्या डॉक्टरांकडे, स्त्रीरोगतज्ज्ञांकडे किंवा मूत्ररोगतज्ज्ञांकडे जाऊन तपासणी करून घ्यावी. रक्तातील साखर, रक्तदाब व चालू असलेली औषधे यांची माहिती द्यावी. कोणतेही औषध आपल्या मनाने बंद करू नये. मित्राने दिलेली उत्तेजक गोळीही घेऊ नये. छातीत दुखण्यावर नायट्रेटची औषधे घेणाऱ्याच्या जिवावर ती बेतू शकते.

मानसोपचारासाठी मनोविकारतज्ज्ञ किंवा भारतीय पुनर्वास परिषदेकडे नोंदणी असलेले चिकित्सालयीन मानसशास्त्रज्ञ यांची निवड करावी. उपनगरी गाडीच्या डब्यात चिकटविलेल्या 'गुप्तरोगा'च्या जाहिरातींना भुलू नये. लैंगिक शक्ती वाढविण्याचा दावा करणाऱ्या जाहिरातींवर १९५४ च्या कायद्यानेच बंदी आहे. मनावरचा ताण असह्य झाल्यास शासनाची टेलिमानस ही दूरध्वनी सेवा १४४१६ या क्रमांकावर आहे.

समुपदेशक खासगी प्रश्न विचारतील, पण त्यांच्या खोलीत कपडे उतरविण्याचा वा स्पर्शाचा प्रसंग कधीही येत नाही. शारीरिक तपासणी फक्त डॉक्टर करतात, आणि त्या वेळी आपल्या विश्वासाची व्यक्ती जवळ ठेवता येते. समुपदेशकाने रुग्णाशी लैंगिक जवळीक साधणे हा गंभीर गैरवर्तनाचा प्रकार आहे. तसे घडल्यास तेथून तत्काळ निघावे व तक्रार करावी. आपण सांगितलेली गोष्ट गुप्त राहणे हा २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने दिलेला हक्क आहे. एखादी सूचना आपल्या श्रद्धेला पटत नसेल तर तसे मोकळेपणाने सांगावे. चांगला समुपदेशक त्याचा मान राखून दुसरा मार्ग शोधतो.

आम्हा धर्मगुरूंनाही यात शिकण्यासारखे आहे. पापनिवेदनाची जागा क्षमेची आहे, तेथे उपचार होत नाहीत. वेदना घेऊन आलेल्या दांपत्याला केवळ 'प्रार्थना करा' असे सांगून परत पाठविणे म्हणजे पाय मोडलेल्याला चालायला सांगणे होय. प्रार्थना जरूर करावी, आणि हाडवैद्याचा पत्ताही द्यावा.

प्रिय दांपत्यांनो, वेदीसमोर आपण एकमेकांना सुखात व दुःखात, आजारात व आरोग्यात साथ देण्याचे वचन दिले आहे. ही अडचणही त्या वचनात येते. आज रात्री दिवा मालविण्यापूर्वी एकाने दुसऱ्याला एवढेच विचारावे : "तुला काही सांगायचे आहे का?" आणि उत्तर येईपर्यंत थांबावे.