नोटीस पोचली का, साहेब?

दादरच्या 1990 च्या निवडणूक खटल्यातलं लोकांच्या लक्षात काय राहिलं? शिवाजी पार्कवरचं मनोहर जोशींचं ‘पहिलं हिंदू राज्य महाराष्ट्रात’ हे वाक्य. वकिलांना विचारा, ते म्हणतील, ‘लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम 99 ची नोटीस!’

घडलं असं. नितीन भाऊराव पाटील यांच्या याचिकेवर मुंबई हायकोर्टाने जोशींची आमदारकी रद्द केली. सुप्रीम कोर्टाने 11 डिसेंबर 1995 ला ती परत दिली, तेव्हा जोशी मुख्यमंत्रिपदावर होते आणि ज्या विधानसभेवरून भांडण, ती केव्हाच इतिहासजमा झाली होती! शिवाजी पार्कवरचं वाक्य कोर्टाला अजिबात रुचलं नाही, पण ती नुसती आशा ठरली, धर्माच्या नावावर मतांची मागणी नव्हे. इतर नेत्यांच्या भाषणांचं पाप जोशींच्या माथी मारायचं, तर आधी त्या वक्त्यांना नोटीस देऊन त्यांचं म्हणणं ऐकायला हवं होतं. हीच ती कलम 99 ची नोटीस, आणि तीच राहून गेलेली. माटुंग्याच्या चंद्रकांता गोयल यांच्या खटल्यातही हाच मुद्दा त्यांच्या कामी आला.

आणि नोटीस पोचली तर काय होतं? त्याच दिवशी, न्यायमूर्ती जे. एस. वर्मा यांच्या त्याच खंडपीठाने विलेपार्ल्याच्या 1987 च्या पोटनिवडणुकीचाही निकाल दिला. तिथे बाळासाहेब ठाकरेंना कलम 99 ची नोटीस गेली होती. विजयी उमेदवार रमेश प्रभूंची निवड रद्दच राहिली आणि बाळासाहेबांचा मतदानाचा हक्क सहा वर्षं, 10 डिसेंबर 2001 पर्यंत गेला. लाखोंना कुणाला मत द्यायचं ते सांगणारा माणूस स्वतः मत देऊ शकत नव्हता. एवढी ताकद एका कागदात!

आता हरलेल्या उमेदवाराकडे वळू. निकालानंतर 45 दिवसांत याचिका, 2 हजार रुपये अनामत आणि जितके प्रतिवादी तितक्या प्रती, प्रत्येकीवर ‘खरी प्रत’ म्हणून याचिकाकर्त्याची स्वतःची सही. प्रती कमी पडल्या तर? 1974 च्या सत्यनारायण विरुद्ध धुजाराम खटल्यात त्या मुदत टळल्यावर आल्या आणि याचिका बाद झाली. त्याच कायद्याच्या कलम 86 मध्ये दयामाया नाही. झेरॉक्सच्या दुकानात इतका जीव टांगणीला लागण्याचे प्रसंग कमीच!

जिंकलेल्याने समन्स टाळायचं ठरवलं तर मात्र कोर्टाला घाई नसली तरी उपाय बरेच आहेत. निवडणूक याचिकेलाही शक्य तितका दिवाणी संहितेचाच रिवाज लागू. पोस्टाने पाठवलेलं पाकीट ‘घेण्यास नकार’ असा शेरा घेऊन परतलं, की कोर्ट समन्स बजावलं गेलं असं जाहीर करू शकतं. बेलिफ दारावर समन्स डकवू शकतो. तेही जमलं नाही तर पेपरात जाहिरात. साहेब घरी नसतील आणि लवकर सापडण्यासारखे नसतील, तर घरातल्या प्रौढ माणसाच्या हाती समन्स देता येतं. नोकर मात्र चालत नाही, तो कुटुंबातला नव्हे. गंमत म्हणजे मूळ दिवाणी संहितेत हा प्रौढ माणूस पुरुषच असावा लागे. केंद्राच्या 1976 च्या दुरुस्तीने घरच्या बाईच्या हातीही समन्स देता येऊ लागलं. गिरगावच्या चाळीत पुरुषमंडळी कामावर गेलेली असताना दुपारी दार कोण उघडत होतं, हे दिल्लीला जरा उशिराच कळलं म्हणायचं.

मुंबई हायकोर्टाच्या मूळ शाखेची समन्स बजावणं हे शेरीफच्या कचेरीचं जुनं काम. शेरीफपद मानाचं, वर्षभराचं. 1980 ला ते दिलीपकुमारांकडे होतं, 1994 ला सुनील गावसकरांकडे. स्वतः गावसकर समन्स घेऊन दारात उभे असते, तर ‘घरी नाहीत’ असं कुणी सांगितलं असतं का?

हे झालं आमदारकीचं. मुंबईतल्या नगरसेवकाच्या निवडणुकीची तक्रार असेल तर हायकोर्ट नव्हे, धोबी तलावचं लघुवाद न्यायालय गाठायचं. तिथे मुदत 45 नव्हे, अवघी 10 दिवसांची. म्हणजे लालबागच्या हरलेल्या उमेदवाराने मंडपवाल्याचा हिशेब नंतर करावा, आधी वकील गाठावा.