पंचवीस सेकंदांची फाइल

संपादकांनी सांगितलं होतं, जुन्या इंटरनेटवरच्या व्हायरल गमतीजमतींवर लिही. मी अडकलो एकाच फाइलपाशी: ‘बॅडडे.एमपीजी’.

ऑफिसात वर लावलेला कॅमेरा. एक गृहस्थ कॉम्प्युटरशी झटापट करतोय. मॉनिटरला एक फटका. पार्टिशनवरून एक डोकं वर येतं, बघतं. गडी उठतो, की-बोर्ड बॅटसारखा धरतो आणि मॉनिटर टेबलावरून खाली उडवतो. वर लाथही घालतो. संपलं. सगळं मिळून पंचवीसेक सेकंद.

हा राग नाटकी होता. अमेरिकेत कोलोरॅडोतल्या ड्युरँगो गावी लोरोनिक्स नावाची कंपनी पाळत-कॅमेऱ्यांचं डिजिटल रेकॉर्डिंग विकायची. १९९७च्या सुमारास नमुना म्हणून त्यांनी आपल्याच कर्मचाऱ्याला अभिनयाला उभं केलं. कॉम्प्युटर आधीच निकामी. पहिल्या वेळी बघणाऱ्यांना हसू आवरेना, म्हणून पुन्हा घेतलं. जाहिरातीच्या सीडीवरून फाइल ईमेलमध्ये शिरली आणि कंपनीचं नाव मागेच राहिलं. लोकांनी ते खरं मानलं. मीही मानलं होतं, आणि कबूल करतो, खरं कळल्यावर थोडं वाईट वाटलं.

पण मला भुरळ पडली ती एमपेग-१ची, म्हणजे ही फाइल ज्या पद्धतीने दाबून साठवली होती तिची. १९९३चं हे मानक चित्राचे १६ बाय १६ ठिपक्यांचे चौकोन पाडतं. अधूनमधून एखादं चित्र पूर्ण साठवतं. बाकीच्या वेळी नुसती नोंद: हा चौकोन मागचाच, जरा उजवीकडे सरकवा. कालचा भात आज फोडणीला, तसला काटकसरी संसार. लोरोनिक्सचा कॅमेरा हलत नाही, भिंत तीच, टेबल तेच. हलतो फक्त माणूस. एवढं करूनही फाइल पाच एमबीच्या आसपास. भारतात व्हीएसएनएलने १५ ऑगस्ट १९९५ला इंटरनेट खुलं केलं तेव्हाच्या सेकंदाला ९.६ किलोबिटच्या वेगाने ती उतरवायला तासाच्या वर वेळ लागला असता. तरी ती जगभर फिरली, आणि आजही अनेक प्लेअरवर चालते.

आमच्या ताईच्या लग्नाची व्हीसीडीही एमपेग-१च. हा लेख लिहिताना आठवण झाली, कपाटातून काढली. ‘एमपेगएव्ही’ फोल्डरमध्ये ‘एव्हीएसईक्यू०१.डॅट’. कॉपी करायला घेतली, निम्म्यात अडकली.

कारण सापडलं तेव्हा रागच आला. साध्या डेटा सीडीच्या एका सेक्टरमध्ये २०४८ बाइट माहिती बसते; उरलेल्या जागेत चुका दुरुस्त करण्याची जादा तजवीज असते. व्हीसीडीने चित्राच्या सेक्टरांतून ती तजवीज काढली आणि २३२४ बाइट भरले. म्हणून तासाभराहून जास्त लग्न एका तबकडीत मावलं. सिनेमात ठीक, एखादा चौकोन बिघडला तरी कुणाचं काय जातं! कॉपी करताना मात्र दुरुस्त न होणारी चूक आली की काम तिथेच अडतं.

जेवढं उतरलं तेवढं पाहिलं. अंतरपाट धरलाय तोवर सगळं सुरळीत. तो खाली येतो आणि ताईच्या तोंडावर करडे चौकोन पसरतात; आधीच्या चित्रातला मामांचा फेटा त्यांतून तुकड्या-तुकड्यांनी सरकतो. मग सगळंच थांबतं.

दुसरी प्रत सापडते का, म्हणून ताईने आत्याला फोन लावला.

“आहे की गं,” आत्या म्हणाली, “गणपतीच्या मखराला लावलीय. काय छान चमकते!”